माईक तुझा, मर्जीही तुझी

अगं, "ताई, गेममध्ये माईक लावू की नको?" असं विचारलंस आणि मी "नंतर बोलू" म्हटलं, ते टाळायला नव्हे. एका वाक्यात हो किंवा नाही सांगण्यासारखा हा प्रश्न नाही, म्हणून आज निवांत लिहिते आहे.

उत्तर आधीच सांगून टाकते: लाव. बेलाशक लाव. फक्त तो कधी उघडायचा, कुणापुढे उघडायचा आणि किती वेळ, हे तुझं तू ठरवायचं. कुणाच्या आग्रहाखातर नाही आणि कुणाच्या धाकानंही नाही. एवढं मनाशी पक्कं केलंस की बाकीचं आपोआप सुचत जाईल.

बोलण्याची गरज का पडते, ते आधी बघ. व्हॅलोरंटमध्ये पाच विरुद्ध पाच. एक राऊंड १०० सेकंदांचा, आणि स्पाइक, म्हणजे बॉम्ब, लागला की ४५ सेकंदांत फुटतो. एवढ्यात टाइप करायला गेलीस तर बोटं चालायच्या बटणांवरून सुटतात आणि तू जागच्या जागी मरतेस. मोबाईलवरच्या बीजीएमआयमध्ये चौघांचा स्क्वॉड आणि दोन्ही अंगठे स्क्रीनवर अडकलेले. तिथे तर लिहायला उसंतच नाही. म्हणून बोलणं हा खेळाचाच एक भाग आहे, नेम धरण्याइतकाच महत्त्वाचा. जी मुलगी तो भाग सोडून देते, ती अर्ध्या ताकदीनं खेळते. तुझा नेम चांगला आहे, मग अर्ध्या ताकदीनं का खेळायचं?

कॉल देताना तीनच गोष्टी सांग: कुठे, किती आणि कुठल्या अवस्थेत. "ए मेनला दोघं, एकाला ऐंशी लागलेत." बीजीएमआयमध्ये वरच्या होकायंत्राचा आकडा वाच: "तीनशे तीसला, झाडामागे, एक नॉक." बस. "अरे तिकडे आहे, तिकडे, बघ ना!" याचा कुणालाच उपयोग होत नाही, कारण प्रत्येकाचं "तिकडे" वेगळं असतं. तू मेलीस की मारणारा कुठे होता ते एकदा सांग आणि गप्प हो. शेवटी एकटा उरलेला खेळाडू पावलांच्या आवाजावर खेळत असतो. त्याच्या कानात आपण बडबडलो तर तेवढाही आधार त्याला राहत नाही.

आणि भाषेची लाज मुळीच बाळगू नकोस. मुंबईच्या सर्व्हरवर हिंदी, इंग्रजी, तमीळ, बांगला, सगळंच कानावर येतं. "माझं हिंदी मराठीसारखं वाटतं, माझं इंग्लिश कच्चं आहे," म्हणून तोंड बंद ठेवणाऱ्या कितीतरी हुशार मुली मी पाहिल्या आहेत. जागा आणि आकडा सांगायला व्याकरण लागत नाही.

आता सेटिंग. सगळ्यात आधी पुश टू टॉक लाव, म्हणजे बटण दाबून धरलं तरच आवाज बाहेर जाईल. माईक सतत उघडा राहिला की तुझ्याबरोबर घरही बोलायला लागतं. आई स्वयंपाकघरातून नावानं हाक मारते, "सहाचा क्लास आहे ना तुझा?" म्हणते, आणि तीन अनोळखी माणसांना तुझं नाव आणि तू घराबाहेर पडायची वेळ दोन्ही कळतात. लोकलमध्ये खेळत असलीस तर पुढच्या स्टेशनची घोषणासुद्धा त्यांना ऐकू जाते. मोबाईलवर जिथे बटण दाबून धरायची सोय नसेल, तिथे माईकचं चिन्ह एरवी बंदच ठेव आणि लागेल तेव्हा उघड. बीजीएमआयमध्ये आवाज "टीम"वर ठेव, "ऑल"वर नको. "ऑल"वर असलं की जवळपासचे शत्रूही ऐकतात. आयडीत नाव, जन्मसाल आणि गाव एकत्र जोडू नकोस. अनोळखी माणसाला तुझ्याबद्दल कळायला हवं ते एवढंच की तू कुठली बंदूक घेतली आहेस आणि कुठे उभी आहेस.

आता अवघड भाग. तू पहिल्यांदा बोललीस की कधी ना कधी कुणीतरी म्हणणारच, "अरे, लडकी है!" मग एक जण किचनमध्ये जायला सांगेल, एक जण "सेज ले ना, हील कर" म्हणून जखमा भरणारं पात्र गळ्यात मारेल आणि एखादा विनाकारण लाडात येईल. हे फक्त आपल्याकडे होतं असं समजू नकोस. अमेरिकेतल्या संशोधकांनी हेलो ३ या गेममध्ये एक प्रयोग केला होता, तो २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला. आधी रेकॉर्ड केलेली तीच साधी, निरुपद्रवी वाक्यं त्यांनी कधी पुरुषाच्या आवाजात ऐकवली, कधी बाईच्या. बाईच्या आवाजाला सरासरी तिप्पट वाईट बोलणी बसली. वाक्यं तीच होती, बदलला होता तो फक्त आवाज. पुढे २०१५ मध्ये याच प्रकारच्या नोंदी पुन्हा तपासल्या, तेव्हा दिसलं की बाईच्या आवाजाशी जास्त वाईट वागणारे होते ते खेळात मागे पडलेले पुरुष. चांगलं खेळणाऱ्यांची वागणूक बरी होती. हे तू लक्षात ठेवावंस असं मला फार वाटतं. ती शिवी ऐकून आपण आपल्याच खेळावर शंका घ्यायला लागतो, "मी वाईट खेळले म्हणून बोलला असेल" असं मनात येतं. तसं काही नसतं गं.

तेव्हा पहिल्या घाणेरड्या वाक्याला म्यूट कर. दुसऱ्याची वाट बघू नकोस. उलट उत्तर देऊ नकोस, समजावत बसू नकोस. त्याला तुझा आवाज चढलेला ऐकायचा असतो, तो ऐकवू नकोस. मग रिपोर्ट कर, आणि "काय उपयोग" म्हणून सोडून देऊ नकोस. व्हॅलोरंट बनवणाऱ्या रायट कंपनीनं २०२१ मध्ये आपल्या नियमांत बदल करून व्हॅलोरंटमधलं बोलणं तक्रारीच्या तपासणीसाठी रेकॉर्ड करण्याची तरतूद करून घेतली आहे. अशा तक्रारी येत राहिल्या म्हणूनच कंपन्यांना हे करावं लागलं. तुझी एक तक्रार पुढच्या मुलीच्या उपयोगी पडते.

म्यूट केलं म्हणून खेळ थांबत नाही. एपेक्स लेजंड्स २०१९ मध्ये आला तेव्हा त्याच्या पिंगचं केवढं कौतुक झालं! एका बटणावर शत्रू कुठे, बंदूक कुठे, आपण कुठे चाललोय, सगळं दाखवता येतं, तोंड न उघडता. आता बहुतेक गेममध्ये असं पिंग असतं, बीजीएमआयमध्ये तयार क्विक चॅटही आहे. ज्या दिवशी बोलायचं मन नसेल, त्या दिवशी पिंगवर खेळ. काही मैत्रिणी आवाज बदलणारं सॉफ्टवेअर वापरतात, काही फक्त ओळखीच्या पाच जणींबरोबरच माईक लावतात. त्यांना कुणी भित्र्या म्हणू नये, तूही म्हणू नकोस.

एक गोष्ट तुझ्या बाजूचीही सांगते, कारण मी तुझी ताई आहे. हरताना आपलीही बोटं शिवशिवतात. तेराव्या राऊंडला कुणी स्पाइक टाकून पळाला की त्याची अक्कल काढावीशी वाटते. २०१३ च्या सुमाराला रायटनं लीग ऑफ लेजंड्समध्ये एक साधा बदल करून पाहिला. समोरच्या टीमशी बोलायची सोय आपोआप चालू न ठेवता, ज्याला हवी त्यानं स्वतः चालू करावी असं केलं. शिवीगाळीचं प्रमाण जवळपास एक तृतीयांशानं कमी झालं, आणि लोकांनी बोलणं मात्र सोडलं नाही. म्हणजे पुष्कळदा माणूस ठरवून वाईट बोलत नाही, बटण हाताशी असतं म्हणून बोलून जातो. म्हणून समोरच्या टीमचं चॅट तू बंदच ठेव. आपल्या टीममध्ये चिडून काही टाइप केलंस तर एंटर दाबण्याआधी एकदा वाच आणि पुसून टाक. टाइप केलेलं राहतं, त्यावरून तुझंही चॅट बंद होऊ शकतं. आणि टीममधल्या एखाद्या बारक्या पोराच्या आवाजावरून बाकीचे त्याला छळायला लागले, तर तू गप्प राहू नकोस. "सोड ना, पुढचा राऊंड बघ," एवढं एक वाक्य पुरतं. त्या पोराला तेवढ्यानं किती बरं वाटतं, ते तुला वेगळं सांगायला नको.

आता नीट ऐक. शिव्या देणारा ओळखू येतो. जास्त जपायचं ते फार गोड बोलणाऱ्यापासून. तो तुझ्या खेळाचं कौतुक करतो, रोज तुझ्याच वेळेला ऑनलाइन येतो, यूसी, म्हणजे गेममधले पैसे, पाठवतो, स्किन भेट देतो. मग "इथे नीट बोलता येत नाही, डिस्कॉर्डवर ये, इन्स्टा दे" सुरू होतं. मग "आपल्या दोघांतच ठेव हं", मग एक फोटो, आणि तो मिळाला की धमकी. हा क्रम पाठच करून ठेव. भेटवस्तू घेतली म्हणून तू कुणाचं काही देणं लागत नाहीस. "घरी सांगू नकोस" म्हणणारा माणूस कितीही मनकवडा वाटला तरी तिथेच संबंध तोड. कुणाशीही स्क्रीन शेअर करताना नोटिफिकेशन बंद ठेव, नाहीतर ओटीपी सगळ्यांना दिसतो. पासवर्ड तर कुणालाच देऊ नकोस, "रँक पुश करून देतो" म्हणणाऱ्यालाही नाही.

आणि असं काही घडलंच, तर? पैसे देऊ नकोस. घाबरून चॅट डिलीट करू नकोस, स्क्रीनशॉट काढून ठेव. मग मला फोन कर, रात्रीचे दोन वाजलेले असले तरी. तुझं वय १८ च्या आत आहे. लैंगिक हेतूनं इंटरनेटवरून सतत पाठलाग करणं, फोटोवरून धमकावणं हे २०१२ च्या पॉक्सो कायद्यात गुन्हे आहेत, आणि तो कायदा मुलांनाही तितकाच लागू आहे. १०९८ ही मुलांसाठीची हेल्पलाइन आहे. पैसे गेले असतील तर ताबडतोब १९३० ला फोन करायचा. केंद्र सरकारच्या सायबर गुन्हे पोर्टलवर महिला आणि मुलांवरच्या अशा गुन्ह्यांची तक्रार नाव न देताही करता येते. दोष त्याचा असतो. फोटो तू पाठवलेला असला तरी दोष त्याचाच. मी तुला एका शब्दानं रागावणार नाही, हे वचन समज.

एवढं सगळं ऐकून तू माईक काढून ठेवशील, तसं नको होऊ देऊस. कारण त्या चॅटमध्ये खरी माणसंही भेटतात. नॉर्वेतल्या मॅट्स स्टीन या तरुणाबद्दल वाच. त्याला ड्युशेन हा स्नायू झिजत जाणारा आजार होता, आणि २०१४ मध्ये तो गेला तेव्हा पंचविशीत होता. आईवडिलांना वाटायचं, पोरानं आयुष्य एकट्यानं काढलं. त्याच्या ब्लॉगवर त्यांनी तो गेल्याचं कळवलं आणि युरोपभरातून पत्रं येऊ लागली. वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट या गेममध्ये तो एका गिल्डमध्ये, म्हणजे खेळाडूंच्या गटात, होता. तिथे टाइप केलेल्या शब्दांतून त्यानं कुणाला प्रेमात धीर दिला होता, एका आईला तिच्या मुलाशी बोलण्याची वाट दाखवली होती. त्यातले काही जण दुसऱ्या देशांतून त्याच्या अंत्यसंस्काराला आले. त्याच्यावरचा माहितीपट २०२४ मध्ये आला, आईबाबांना घेऊन बघ. चांगला मित्र घाई करत नाही, लपवायला सांगत नाही आणि "आज बोलायचं नाही" म्हटलं तर रुसत नाही. एवढ्यावरून ओळख.

बाबांशी भांडू नकोस. त्यांना कानाला हेडफोन लावलेली, हसत-ओरडत असलेली तू दिसतेस. पलीकडे कोण आहे, ते त्यांना कळत नाही. त्याचीच त्यांना भीती वाटते. एक दिवस हेडफोन काढ, स्पीकर लाव आणि त्यांना अख्खी मॅच ऐकू दे. तू कॉल देतेस, पोरं तुझं ऐकतात, हे त्यांच्या कानावर पडू दे. २०२१ मध्ये बीजीएमआय आला तेव्हा १८ खालच्यांसाठी पालकांच्या नंबरवर ओटीपी आणि दिवसाला ३ तासांची मर्यादा ठेवली होती. म्हणजे पालकांना माहीत असावं, हे खेळ बनवणाऱ्यांनाही मान्य आहे. तूही ते मान्य कर. बोर्ड नसलं तरी अकरावी आहे, झोपेची वेळ पाळ.

या रविवारी संध्याकाळी मी ऑनलाइन असेन. ओळखीच्या दोघी गोळा कर, आपण स्क्वॉड करू. पहिला कॉल तू द्यायचास, मोठ्यानं आणि स्पष्ट.