त्या पोराचा खांदा

कराड

चि. सुजय यास,


फोनवर तू कायम घाईत असतोस आणि माझं बोलणं अर्धवट राहतं, म्हणून पत्र लिहितेय. परवा अक्कांच्या नातवाच्या बारशाला गेले होते. तिथं तुझ्या फिल्मचा विषय निघाला आणि पाठोपाठ जे कानावर आलं, त्यानं घास घशाखाली उतरेना. तालमीतल्या त्या धाकट्या मल्लाचा खांदा सरावात दुखावला. पडतानाचा क्षण तुझ्या कॅमेऱ्यात नीट आला नव्हता, म्हणून तू त्याला तोच डाव पुन्हा खेळायला लावलास म्हणे. आणि तरी समाधान झालं नाही म्हणून आणखी एकदा. वस्ताद त्या दिवशी गावाला गेले होते. हे खरं आहे का?

सांगणारे तिखटमीठ लावून सांगतात, ते मला कळतं. पण दादाला विचारलं तर त्यानं उसाच्या बिलाचा विषय काढला. आपला दादा विषय कधी बदलतो ते तुलाही ठाऊक आहे. तेव्हाच माझ्या पोटात गोळा आला.

अरे, सोळा-सतरा वर्षांचं पोर ते. समोर तू, तुझा कॅमेरा, दोन दिवे, माईक धरून उभा असलेला मुलगा. त्यानं नको म्हणायचं कसं? तालमीत वाढलेलं पोर दुखतंय म्हणत नाही. पहाटे जोर-बैठका मारायच्या, हौद्यातली माती उकरायची, त्याच मातीत अंग घासायचं आणि तोंडातून हूं की चूं काढायचं नाही, हेच त्याला शिकवलेलं असतं. त्याच्या वतीनं ‘आता बास’ म्हणणारं मोठं माणूस त्या दिवशी हौद्याजवळ एकच होतं, आणि ते तू होतास.

ऑलिंपिकवर सिनेमे करणारा बड ग्रीनस्पान मला तूच दाखवलास, त्याला आठव. गेल्या दिवाळीत माझ्या टीव्हीला लॅपटॉप जोडून रात्री दोनपर्यंत बसवून ठेवलंस. टकलावर चष्मा सरकवून बसणारा तो माणूस मला आवडला, म्हणून पुढे मी त्याच्याबद्दल मिळेल ते वाचलं. न्यूयॉर्कमध्ये 1926 साली जन्म, विशीत रेडिओवर खेळांची बातमीदारी. 1948 च्या लंडन ऑलिंपिकचं वार्तांकन त्यानं वेम्बली स्टेडियममधल्या टेलिफोनच्या खोक्यातून केलं. साधनं नव्हती म्हणून त्याचं अडलं नाही. 1952 साली हेलसिंकीत जॉन डेव्हिस या कृष्णवर्णीय वेटलिफ्टरवर त्यानं छोटा माहितीपट केला आणि तिथून सिनेमाचा रस्ता धरला. परदेशात डेव्हिसला लोक डोक्यावर घेत आणि त्याच्या स्वतःच्या देशात त्याला फारसं कुणी ओळखत नव्हतं.

आता कुस्तीतल्या आपल्या खाशाबांचं बघ. गोळेश्वर इथून हाकेच्या अंतरावर. जन्म 1926 चाच. 1948 ला लंडनमध्ये सहावा क्रमांक, 1952 ला हेलसिंकीत कांस्यपदक. म्हणजे ग्रीनस्पान आणि खाशाबा दोन्ही वेळा एकाच गावात होते! डेव्हिसला ग्रीनस्पान मिळाला, खाशाबांच्या मागे कॅमेरा घेऊन हिंडणारं आपलं माणूस नव्हतं. तू कुस्तीवर फिल्म करतोयस म्हटल्यावर मला इतका आनंद झाला तो यासाठीच.

पण खाशाबांच्या गोष्टीतलं दुसरंही आठव. त्यांना हेलसिंकीला पाठवायचं म्हणून राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी स्वतःचं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. आणि तिथं जपानी मल्लाशी लांबलेली लढत संपते न संपते तोच पुढच्या कुस्तीला बोलावणं आलं, तेव्हा विश्रांती मागायला आपला एकही अधिकारी जागेवर नव्हता, असं सांगतात. दमलेला गडी तसाच उभा राहिला आणि हरला. पोराच्या बाजूनं बोलणारं कुणी जवळ असणं म्हणजे काय, ते कराडच्या माणसाला आणखी कुणी सांगायला नको.

तुला आठवतं, 1984 च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकवरच्या ग्रीनस्पानच्या त्या सिनेमात डेव्ह मूरक्रॉफ्टचा भाग लागला तेव्हा तू उठून टीव्हीच्या अगदी पुढ्यात जाऊन बसलास? पाच हजार मीटरचा विश्वविक्रम नावावर असलेला माणूस, कमरेच्या दुखण्यानं बेजार, अंतिम शर्यतीत सगळ्यांच्या मागे पडलेला. पुढे सईद औईता सुवर्णपदकाकडे धावतोय आणि हा शेवटचा. औईतानं आपल्याला पूर्ण फेरीनं मागे टाकू नये, एवढ्यासाठी जिवाच्या आकांतानं पाय ओढतोय. जिंकणारा सोडून कॅमेरा त्याच्याजवळ थांबतो. 1968 च्या मेक्सिकोतल्या टांझानियाच्या अखवारीचंही तेच. गुडघा निखळलेला, पायाला फडकं गुंडाळलेलं, विजेता येऊन तासावर वेळ झालेला, आणि हा गडी अंधारात लंगडत स्टेडियममध्ये शिरतो. ग्रीनस्पाननं ती गोष्ट जगभर पोचवली. पण सुजय, मूरक्रॉफ्टला किंवा अखवारीला पुन्हा एकदा लंगडून दाखव असं कुणी म्हणालं नव्हतं. जे झालं त्याच्यासमोर नीट उभं राहणं, हे ग्रीनस्पानचं काम.

पुन्हा करून घेणारेही झाले. लेनी रीफेनश्टालचं नाव तूच घेतलं होतंस. 1936 च्या बर्लिन ऑलिंपिकवरच्या तिच्या सिनेमात बांबूउडीच्या अंतिम फेरीला रात्र झाली, चित्रण हवं तसं मिळालं नाही, तर नंतर खेळाडूंना बोलावून पुन्हा उड्या मारायला लावल्या. कॅमेऱ्यासाठी खड्डे खणून तिनं जे कोन साधले ते आजही सगळे वापरतात, हे मला मान्य आहे. पण ती कला राबवली हिटलरच्या राजवटीसाठी. त्याच मैदानावर चार सुवर्णपदकं जिंकलेल्या जेसी ओवेन्सला ग्रीनस्पान पुढे पन्नाशीत परत घेऊन गेला आणि त्याला नुसतं चालू दिलं, बोलू दिलं. ग्रीनस्पान गोडगोडच दाखवतो, बहिष्कार आणि उत्तेजकं यांवरून अलगद पुढे सरकतो, असा आक्षेप त्याच्यावर होता. मलाही तो पटतो. तरी त्याच्या हाती खेळाडू सुखरूप असतो. 1984 पासून 2010 पर्यंत खेळाडू त्याच्यापुढे मन मोकळं करत राहिले, ते त्यामुळेच.

तो खांदा डोक्यातून जात नाही रे. माझ्या घोट्याचा विषय आपल्या घरात कुणी काढत नाही, पण तुला अर्धंमुर्धं माहीत असेलच. कॉलेजात आठशे मीटर पळायचे. विद्यापीठाच्या स्पर्धेच्या आदल्या दिवशी घोटा एवढा सुजला की बूट चढेना. आमचे सर म्हणाले, पट्टी आवळून बांध, तुझ्यावर कॉलेजची इभ्रत आहे. मी पळाले. पुढे शाळेत खेळाची शिक्षिका म्हणून जन्म गेला, शेकडो पोरी पळवल्या, पण स्वतः परत स्पर्धेत उतरता आलं नाही. सरांचा राग केव्हाच विरला. वाटतं एवढंच, की मैदानाच्या कडेला आमचे वडील, अण्णा, असते तर त्यांनी मला हाताला धरून घरी आणलं असतं.

बोलले जरा जास्तच. तू दुष्ट नाहीस, तुला कामाची घाई झाली असेल. पैसे संपत आलेत, दिवे भाड्याचे आहेत, हे दादाच्या बोलण्यातून कळतं. पण तुला हवी ती फिल्म त्या पडण्यात नाही. खांद्याला पट्टी बांधून ते पोर हौद्याच्या कठड्यावर बसून बाकीच्यांचा सराव बघत असेल, ते बघ. त्याचा बदाम-दुधाचा खुराक घरचे कसे भागवतात ते विचार. वर्षानं परत जा आणि बोल त्याच्याशी.

आधी त्याला हाडांच्या डॉक्टरांकडे ने. वस्ताद आले की त्यांच्या पाया पडून झालं ते सांग. ते ओरडतील, ओरडू दे. दादाकडे पैसे ठेवलेत, ते औषधपाण्याला वापर, फिल्मच्या हिशेबात धरू नकोस. पोराला हिंडता-फिरता आलं की दोघं इकडं या, मी पुरणपोळी करीन. तुझ्या खोलीतला पंखा दुरुस्त करून घेतलाय. तूही वेळेवर जेवत जा, गेल्या वेळी गालफडं बसलेली दिसली.

आणि फोन कर. रात्री कितीही उशीर झाला तरी मी उचलते.

तुझी,
सुमनआत्या