फटींचे छप्पर गळत का नाही?

मंगलोरी कौलांचे छप्पर दुपारच्या वेळी आतून नीट पाहा. कौलांच्या सांध्यांतून ठिकठिकाणी उजेडाच्या बारीक रेघा दिसतील. ही कौले एकमेकांना चिकटवलेली नसतात. ती नुसती एकावर एक टेकलेली असतात. म्हणजे हे छप्पर फटींनी भरलेले आहे. तरीही कोकणातल्या पावसात ते घर कोरडे ठेवते. हे कसे साधते?

प्रथम पाण्याचा हिशेब करू. १ चौरस मीटर जागेवर १ मिलिमीटर पाऊस पडला, की ते पाणी बरोबर १ लिटर भरते. रत्नागिरीच्या बाजूला वर्षाला ३,००० मि.मी.च्या आसपास पाऊस पडतो. घराने ५० चौ.मी. जागा व्यापली असेल, तर त्याच्या छपराला एका वर्षात सुमारे दीड लाख लिटर पाणी वाहून न्यावे लागते. त्यातला हजारावा भाग जरी आत आला, तरी १५० लिटर झाले!

एकमेकांत अडकणारी खोबणीची कौले फ्रान्समधील अल्सास प्रांतात गिलार्दोनी बंधूंनी तयार केली; त्यांचे पेटंट १८४१ सालचे आहे. भारतात बासेल मिशनने १८६५ मध्ये मंगलोर येथे कौलांचा कारखाना काढला. त्या गावाचेच नाव या कौलांना चिकटले.

कौले घालण्याचा पहिला नियम असा : सुरुवात वळचणीपासून करायची आणि ओळीवर ओळ रचत आढ्याकडे जायचे. त्यामुळे वरच्या कौलाचा खालचा काठ नेहमी खालच्या कौलावर येतो आणि पाणी एका पाठीवरून दुसऱ्या पाठीवर उतरत जाते. कौलाच्या पोटाशी असलेल्या खुंट्या रिपेत अडकतात, म्हणून ते घसरत नाही. रिपांमधील अंतर सर्वत्र सारखे हवे. ते चुकले, तर कुठे कौले नीट बसत नाहीत, तर कुठे एकावर एक येणारा भाग कमी पडतो. अमेरिकेत घरांवर डांबराच्या लवचीक पट्ट्या खिळ्यांनी ठोकतात. वस्तू निराळी, पण तेथेही काम खालून वरच करत जातात.

पण पाणी नेहमी खालीच जाते का? एक प्रयोग करा. काचेच्या दोन पट्ट्या समोरासमोर धरा. एका कडेला मध्ये आगकाडी ठेवा, दुसरी कडा चिकटू द्या आणि रबराने बांधा. ही जोडी रंगीत पाण्यात उभी करा. चिकटलेल्या कडेकडे पाणी उंच चढलेले दिसेल. हे केशाकर्षण. फट जितकी अरुंद, तितके पाणी अधिक चढते. स्वच्छ काचांमध्ये १ मि.मी. फट असेल तर पाणी सुमारे दीड सें.मी. चढते, अर्धा मि.मी. असेल तर सुमारे ३ सें.मी.

आता दोन कौलांमधील फट अर्धा मि.मी. आणि एकावर एक आलेला भाग ७ सें.मी. समजा. कौल ३० अंशांनी उतरते असेल, तर या ७ सें.मी.मधील उभी उंची ७ × ०.५, म्हणजे ३.५ सें.मी. होते. पाणी ३ सें.मी. चढून थांबेल, घर कोरडे. उतार १५ अंशच असेल, तर उंची ७ × ०.२६, म्हणजे जेमतेम १.८ सें.मी. पाणी सहज आत येईल. छप्पर उतरते का ठेवतात, याचे हे एक मोठे कारण.

यात वाऱ्याची भर पडते. ताशी ७२ कि.मी. वेगाचा वारा समोरून आदळून थांबला, तर त्याचा दाब सुमारे अडीच सें.मी. उंच पाण्याच्या स्तंभाइतका असतो. केशाकर्षण आणि वारा एकत्र आले, तर ३० अंशांचा उतारही अपुरा पडेल. येथे खोबण उपयोगी पडते. अरुंद फटीतून वर सरकणारे पाणी रुंद खोबणीपाशी पोचले, की केशाकर्षणाचा जोर संपतो. बाजूच्या पन्हळीत आलेले पाणी तिच्यातूनच खाली वाहून जाते. शिवाय फटींतून वारा थोडा आत शिरतो, त्यामुळे छपराच्या दोन्ही बाजूंच्या दाबांतील फरक कमी होतो. ज्या फटींची आपल्याला भीती वाटते, त्याच मदतीला येतात!

म्हणूनच गळती दिसली की सगळे सांधे सिमेंटने बुजवणे शहाणपणाचे नाही. ऊन-पावसाने सिमेंटला केसासारख्या चिरा जातात. त्या पाणी ओढून घेतात, आणि हवा खेळत नसल्यामुळे ओल वाळत नाही. आत रीप कुजू लागते. त्यापेक्षा पावसाळ्यापूर्वी कौले चाळावीत, खोबणीतला पाला आणि शेवाळ काढावे, फुटके कौल बदलावे. आढ्यावरची कौले मात्र चुन्यात किंवा सिमेंटमध्येच बसवतात.

करून पाहा :

१. कोनमापकाच्या मध्यबिंदूला दोरा व वजन बांधा. कोनमापकाची सरळ कड वाशाला लावून छपराचा उतार मोजा. छपरावर चढू नका. हे काम आतूनच होते.

२. कोरडे कौल तोला. ते २४ तास पाण्यात बुडवून, पुसून पुन्हा तोला. वजन शेकडा किती वाढले?

३. प्रत्येक कौलाचा खालचा काठ दुसऱ्या कौलावर टेकलेला असतो. मग कौलाचा उतार वाशाच्या उतारापेक्षा कमी असेल की जास्त? वळचणीची रीप इतर रिपांपेक्षा थोडी उंच का ठेवतात, याचे उत्तर यातूनच मिळेल.