टोंगाची वल्कले

'वल्कले' म्हटली की वनवासाला निघालेले राम-सीता डोळ्यांसमोर येतात. पॅसिफिक महासागरातील टोंगा बेटांवर मात्र सालीचे कापड हे वैराग्याचे नव्हे, तर वैभवाचे लक्षण होय. तेथे त्यास 'न्गातू' म्हणतात.

हे कापड कागदी तुतीच्या अंतर्सालीपासून होते. हे झाड मूळचे तेथले नव्हे. पॉलिनेशियनांच्या दर्यावर्दी पूर्वजांनी ते होड्यांतून नेले. त्याचा माग तैवानपर्यंत पोहोचतो, असे २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय संशोधनाने दाखविले. झाड वाढत असताना बाजूच्या फांद्या खुडून टाकतात. नाहीतर सालीला भोके पडतात. वर्ष-दीड वर्षाच्या काठीची साल सोलून वरचा खरखरीत थर काढून टाकतात आणि आतली साल वाळवून, भिजवून ओंडक्यावर लाकडी मोगरीने ठोकतात. ठोकता ठोकता चिंचोळी पट्टी कितीतरी पट रुंदावते. येथे चरखा नाही, माग नाही.

पुढचे काम एकटीचे नव्हे. गावातील स्त्रिया एकत्र बसून कंदाच्या खळीने पट्ट्या दुहेरी चिकटवितात, खाली नक्षीचे ठसे ठेवून वरून 'कोका' झाडाच्या सालीचा तांबूस रंग घासतात. (याच जातीचा वृक्ष सह्याद्रीतही आढळतो.) वीस मीटरांहून लांब न्गातूही अशा रीतीने तयार होतात. लग्नात, अंत्यविधीत, राज्यारोहणात ते अर्पण केले जातात. स्त्रियांच्या हातची ही संपत्ती मानली जाते.

म्हणूनच बाजारात सुती कापड आले तरी न्गातू टिकला. ज्याचे काम केवळ अंग झाकण्याचे नव्हते, त्याची जागा गिरणीचे कापड कसे घेणार?

हवाईत नेमके उलटे घडले. तेथील 'कापा' अधिक तलम. मोगरीवर कोरलेली नक्षी कापड उजेडात धरताच दिसे. परंतु परदेशी कापड आले, जुने धार्मिक आचार मोडले आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ही कला जवळजवळ लोप पावली. १९७० नंतरच्या सांस्कृतिक जागृतीत ती पुन्हा हाती घेणाऱ्यांपुढे संग्रहालयातील तुकडे आणि जुन्या मोगऱ्या होत्या. शिकविणारी आजी नव्हती. साल किती दिवस भिजवावी, हात कोठे हलका ठेवावा, हे तुकडे सांगत नाहीत. ते त्यांना साली वाया घालवूनच शिकावे लागले.