उंदीर ओळखावा, मग उपाय योजावा : मूषकविज्ञान आणि वेसाव्याचा किनारा

अंधेरीच्या पश्चिमेस, मालाड खाडीच्या मुखाशी वसलेले वर्सोवा हे मुंबई उपनगरातील जुने मच्छीमार बंदर होय. येथील कोळी बांधव आपल्या गावास वेसावे म्हणतात. बंदरावर उतरणारी मासळी, वलांडीवर वाळत घातलेले बोंबील, जाळ्यांचे व दोरखंडांचे ढीग, कोळीवाड्यातील अरुंद गल्ल्या, उघडी गटारे आणि शेजारी उभ्या राहिलेल्या उंच इमारती हे सारे जेथे एकत्र येते, तेथे उंदरास अन्न, पाणी व आसरा या तिन्ही गोष्टी विनासायास मिळतात. पावसाळ्यात मासेमारी बंद असताना घरात अगर वखारीत ठेवलेली जाळी तो कुरतडतो, सुक्या मासळीची नासाडी करतो आणि पाणी साचले की आपल्या मूत्रावाटे रोगाचे जंतू त्यात सोडतो.

यावर सर्वसाधारण उपाय म्हणजे उंदीर मारणे. परंतु कोणता उंदीर, कोठे राहणारा व कशाने जगणारा याचा विचार न करता केलेल्या संहाराचे फळ अल्पकाळच टिकते. क्वचित त्यापासून अपायही होतो. उंदरांचा शास्त्रीय अभ्यास हा केवळ विद्वानांचा विषय नसून नगरपालिका, ग्रामपंचायत, शाळा व आरोग्य केंद्र यांच्या नित्याच्या कामाचा पाया आहे. या अभ्यासातील काही महत्त्वाचे टप्पे मुंबईतच पार पडले, ही गोष्ट येथील वाचकांस विशेष उद्बोधक वाटेल.

कृंतक म्हणजे कोण?

कुरतडून खाणाऱ्या सस्तन प्राण्यांच्या गणास कृंतक गण म्हणतात. सस्तन प्राण्यांच्या एकूण जातींपैकी सुमारे चाळीस टक्के जाती या एकाच गणात मोडतात. वर दोन व खाली दोन असे पटाशीसारखे चार दात ही त्यांची खूण होय. हे दात जन्मभर वाढत राहतात. दाताच्या पुढील बाजूसच कठीण लुकण असल्याने मागील बाजू लवकर झिजते व धार कायम राहते. लाकूड, नायलॉनचे जाळे अगर विजेच्या तारेचे वेष्टन उंदीर कुरतडतो, ते नेहमी भुकेपोटीच असते असे नाही.

खार व साळिंदर हेही कृंतकच होत. ससा मात्र या गणातील नाही. चिचुंदरीस लोक उंदरांतच मोजतात. वस्तुतः ती कीटक खाणारी असून तिचा कृंतकांशी निकटचा संबंध नाही. लांब टोकदार तोंड व उग्र दर्प यांवरून ती सहज ओळखता येते. तिच्यासाठी धान्याचे आमिष मांडून उपयोग होत नाही.

एक नाव, तीन प्राणी

मुंबईसारख्या शहरात प्रामुख्याने तीन मोठ्या जातींशी गाठ पडते. पहिला काळा उंदीर. हा सडपातळ, मोठ्या कानांचा, चढण्यात पटाईत असतो. त्याची शेपटी डोके व धड मिळून होणाऱ्या लांबीपेक्षा अधिक असते. कौले, वासे, माळे व नारळाची झाडे ही त्याची वस्तीस्थाने. दुसरा तपकिरी उंदीर. हा अंगाने जाड असतो, त्याची शेपटी शरीराहून आखूड असते, आणि तो गटारांत, धक्क्यांवर व जमिनीखाली बिळे करून राहतो. पोहण्यातही तो तरबेज असतो. तिसरी घूस. तिचे तोंड रुंद व कान गोल असतात, डिवचल्यास ती अंगावरील राठ केस उभारून गुरगुरते, आणि तिच्या बिळाच्या तोंडाशी उकरलेल्या ताज्या मातीचा ढीग दिसतो. यांखेरीज कपाटात व पेटीत राहणारा लहान घरउंदीर वेगळाच.

हा भेद केवळ वर्णनापुरता नाही. माळ्यावर राहणाऱ्या काळ्या उंदरासाठी जमिनीवरील बिळात आमिष टाकणे व्यर्थ आहे, तसेच पायाखालची जमीन पोखरणाऱ्या घुशीसाठी छपराची डागडुजी पुरेशी नाही.

परळच्या प्रयोगशाळेने दिलेला धडा

सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासियो व्हिएगस यांनी प्लेगचा रुग्ण ओळखला आणि शहरावर मोठे संकट कोसळले. रोगाचा जंतू अलेक्झांडर यर्सिन यांनी १८९४ मध्ये हाँगकाँग येथे शोधला होता. तथापि तो माणसापर्यंत कसा पोचतो हे निश्चित झाले नव्हते. फ्रेंच वैद्य पॉल-लुई सिमाँ यांनी १८९८ मध्ये कराची येथे केलेल्या प्रयोगावरून, उंदराच्या अंगावरील पिसू हा रोग पसरविते असे प्रतिपादन केले. त्यावर दीर्घकाळ विश्वास ठेवला गेला नाही.

वाल्डेमार हाफकिन यांची प्लेग संशोधन प्रयोगशाळा १८९९ मध्ये परळच्या जुन्या सरकारी निवासस्थानात आली. तीच पुढे १९२५ पासून हाफकिन संस्था म्हणून ओळखली जाऊ लागली. १९०५ पासून प्लेगविषयक संशोधन आयोगाने येथे पद्धतशीर प्रयोग केले. शहरातून गोळा केलेल्या एक लाखाहून अधिक उंदरांची जातवार तपासणी झाली. रोगी व निरोगी गिनीपिग एकत्र ठेवले, पण पिसवा येऊ दिल्या नाहीत, तेव्हा रोग पसरला नाही. पिसवा असताना तो पसरला. पिसवांची उडी काही इंचांपलीकडे जात नसल्याने, जमिनीपासून पुरेशा उंचीवर टांगलेल्या पिंजऱ्यातील प्राणी बचावले.

जातवार नोंदींतून आणखी एक महत्त्वाची गोष्ट उघड झाली. प्रथम गटारातील तपकिरी उंदरांत साथ येई, सुमारे दहा दिवसांनी घरातील काळ्या उंदरांत, आणि त्यानंतर दहा ते चौदा दिवसांनी माणसांत. म्हणजेच उंदीर ओळखून त्यांची नोंद ठेवणाऱ्या प्रशासनास पूर्वसूचना मिळू शकते.

या संशोधनाचा व्यवहारातील अर्थ आजही जाणून घेण्यासारखा आहे. उंदीर मरून पडू लागले की त्यांच्या अंगावरील पिसवा नवा आश्रय शोधतात. अशा वेळी घाईने उंदीर मारीत सुटल्यास पिसवा माणसाकडे वळण्याचा धोका वाढतो. म्हणून प्रथम कीटकनाशकाने पिसवांचा बंदोबस्त व नंतर उंदरांचा, हाच क्रम योग्य होय. ऑगस्ट १९९४ मध्ये बीड जिल्ह्यातील मामला गावी उंदीर पडू लागल्याचे व पिसवांचा उपद्रव वाढल्याचे दिसून आले आणि त्यापाठोपाठ गाठीच्या तापाचे संशयित रुग्ण आढळले. पुढील महिन्यात सुरतेतही साथ उद्भवली. मरून पडलेल्या उंदरांची वर्दी आरोग्य केंद्रास त्याच दिवशी देणे आणि मृत उंदरास उघड्या हाताने न शिवणे, ही प्रत्येक पंचायत सदस्यास ठाऊक असावी अशी गोष्ट आहे.

पावसाळा आणि लेप्टोस्पायरोसिस

आज वेसाव्यासारख्या वस्तीस अधिक जवळचा धोका आहे तो लेप्टोस्पायरोसिसचा. या रोगाचे जंतू उंदरांच्या मूत्रपिंडात राहतात. उंदीर स्वतः आजारी दिसत नाही, पण त्याच्या मूत्रावाटे जंतू बाहेर पडत राहतात. कुत्री, डुकरे व गुरेही या जंतूंचे वाहक असू शकतात. साचलेल्या पाण्यातून व चिखलातून ते माणसाच्या त्वचेवरील जखमेवाटे, अगर डोळे, नाक व तोंड यांच्या नाजूक त्वचेवाटे शरीरात शिरतात. येथे पिसूचा संबंध नाही. वाहक आहे ते पाणी.

२६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझ येथे चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. त्यानंतरच्या आठवड्यांत मुंबईत या रोगाचे रुग्ण मोठ्या संख्येने आढळले. पूर ओसरला म्हणजे धोका टळला असे नव्हे. बाधा झाल्यापासून लक्षणे दिसेपर्यंत बहुधा पाच ते चौदा दिवस, कधी महिनाभरही जातो.

हे जंतू खाऱ्या पाण्यात फार काळ तग धरीत नाहीत. गोड्या पाण्यात व ओल्या मातीत मात्र दीर्घकाळ जगतात. म्हणून मच्छीमारास समुद्राच्या पाण्यापेक्षा गल्लीतील पावसाचे डबके, तुंबलेले गटार व बंदरावरील ओली, घाण जमीन यांपासून अधिक जपावे लागते. मासळी निवडताना व जाळी ओढताना हातापायांस चिरा पडतात, काटे लागतात. अशा जखमा झाकणे, साचलेल्या पाण्यात उतरताना गमबूट घालणे आणि काम संपताच साबणाने हातपाय धुणे, हे साधे उपाय मोठे संरक्षण देतात. तुंबलेल्या पाण्यातून चालावे लागले असल्यास बहात्तर तासांच्या आत डॉक्टरांस भेटून प्रतिबंधक औषधाविषयी विचारावे. ताप, तीव्र डोकेदुखी, पोटऱ्यांतील वेदना, लाल डोळे अगर कावीळ दिसल्यास दुखणे अंगावर काढू नये. वेळीच दिलेली प्रतिजैविके या रोगावर गुणकारी ठरतात. विलंब झाल्यास मूत्रपिंडे, यकृत व फुफ्फुसे निकामी होऊन मृत्यूही ओढवतो.

मारणे आणि घटविणे

मुंबई महानगरपालिकेच्या कीटकनाशक विभागाचे मूषक संहारक रात्री विजेरी व काठी घेऊन गल्लोगल्ली फिरतात. त्यांचे काम कष्टाचे व उपयोगाचे आहे. तथापि केवळ त्यावर विसंबणे योग्य नव्हे. मादीचा गर्भकाल अवघा तीन आठवड्यांचा असतो व पिले दोन-तीन महिन्यांत प्रजननक्षम होतात. अमेरिकेतील बाल्टिमोर शहरात १९४० च्या दशकात डेव्हिड डेव्हिस व त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या अभ्यासात असे दिसले की, अन्न व आसरा कायम ठेवून उंदीर मारल्यास त्यांची संख्या काही काळातच पूर्ववत होते. वस्तीची स्वच्छता सुधारल्यास मात्र ती टिकाऊपणे घटते. उंदरांची संख्या ठरविते ती त्यांना मिळणारे अन्न व आसरा.

या दृष्टीने वर्सोव्याच्या किनाऱ्यावर ऑक्टोबर २०१५ पासून अफरोज शाह यांच्या पुढाकाराने नागरिकांनी चालविलेली स्वच्छता मोहीम उल्लेखनीय आहे. ती किनाऱ्यासाठी सुरू झाली. परंतु कचऱ्याचा प्रत्येक ढीग हा उंदरांचे कोठार व घर दोन्ही असतो, हे ध्यानात घेता तिचे महत्त्व अधिक पटते. मासळीची घाण झाकणाच्या पिंपात टाकून रोज उचलणे, सुकी मासळी पत्र्याच्या अगर घट्ट झाकणाच्या पेटीत जमिनीपासून उंच ठेवणे, जाळी अधूनमधून हलवून पुन्हा रचणे, आणि गटारांच्या तोंडास व दाराखालील फटीस पाव इंचाहून बारीक जाळी अगर पत्रा बसविणे, ही कामे खर्चिक नाहीत. लहान घरउंदीर पाव इंचाच्या भोकातूनही शिरू शकतो.

शेतातील उपाय

ग्रामीण भागात घूस हाच मोठा शत्रू होय. ती कणसे तोडून बिळात साठविते. पावसाळ्यापूर्वी, मे-जून महिन्यांत शेतात अन्न कमी असते व उंदरांची संख्याही मर्यादित असते. म्हणून सामुदायिक मोहिमेस हाच काळ उत्तम. एकाच शेतकऱ्याने केलेला उपाय फुकट जातो, कारण शेजारच्या बांधावरून उंदीर परत येतात.

उंदीर नव्या वस्तूस बिचकतो व एकदा त्रास झालेले अन्न पुन्हा खात नाही. म्हणून पहिल्या दिवशी सर्व बिळे बुजवावीत; दुसऱ्या दिवशी जी उघडलेली दिसतील तीच चालू बिळे समजावीत. त्यांत दोन दिवस तेल लावलेले साधे धान्य ठेवावे, व चवथ्या दिवशी ९६ भाग धान्य, २ भाग खाद्यतेल व २ भाग झिंक फॉस्फाईड यांचे आमिष द्यावे. दुसऱ्या दिवशी मेलेले उंदीर गोळा करून खोल पुरावेत व बिळे पुन्हा बुजवावीत. त्यानंतरही उघडणाऱ्या बिळांसाठी ब्रोमाडिओलोनसारखे सावकाश परिणाम करणारे विष वापरावे. झिंक फॉस्फाईडवर खास उतारा नाही. ते घरात वापरू नये, हाताने कालवू नये, आणि मोहीम कृषी खात्याच्या मार्गदर्शनाखालीच करावी. गव्हाणी घुबड व धामण हे उंदरांचे नैसर्गिक शत्रू असल्याने त्यांस मारणे म्हणजे आपलेच नुकसान करून घेणे होय.

शाळा व पंचायतींचे कार्य

प्रत्येक उंदीर शत्रूच असतो असे मात्र नाही. पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्रातील मिश्रा व धांडा यांनी १९७५ मध्ये सिंहगडावरील एका मऊ केसांच्या उंदराचे नवी जात म्हणून वर्णन केले. कोंढाणा किल्ल्याचेच नाव तिला मिळाले. सह्याद्रीतील मोजक्या ठिकाणीच आढळणारी ही जात आज संरक्षणास पात्र ठरली आहे. कोणास आवरावे व कोणास जपावे, हे अभ्यासाविना कळत नाही.

हा अभ्यास गावपातळीवरही होऊ शकतो. शिक्षकांनी विद्यार्थ्यांकडून बिळे, लेंड्या व कुरतडल्याच्या खुणा यांचा नकाशा करवून घ्यावा. मुलांनी बिळात हात घालू नये व मृत उंदरास स्पर्श करू नये, ही ताकीद आधी द्यावी. पंचायतीने अगर प्रभाग कार्यालयाने हा नकाशा पावसाळ्यापूर्वी व पावसाळ्यानंतर ताडून पाहावा. मारलेल्या उंदरांचा आकडा कितीही मोठा असला, तरी चालू बिळांची संख्या घटली नसेल तर मोहीम यशस्वी झाली असे म्हणता येणार नाही. बिळे घटली, गल्लीतील डबकी बुजली आणि तापाचे रुग्ण वेळीच दवाखान्यात पोचले, म्हणजे मूषकविज्ञानाचा लाभ लोकांच्या दारापर्यंत आला असे समजावे.