मखरातील समई

भाद्रपद शुद्ध चतुर्थी जवळ आली की इंदुरातील मराठी घरांतून कागद, कापड, कामट्या आणि खळ यांचा पसारा पडू लागतो. मुलांच्या हाती कात्री येते, वडील मंडळी माळ्यावरची दिव्यांची माळ उतरवितात आणि दोन-तीन रात्रींच्या खटपटीनंतर मखर उभे राहते. त्याच्या शोभेविषयी सर्वच बोलतात. ते किती सहज पेट घेईल याविषयी बोलणे मात्र कोणालाच शुभ वाटत नाही. आम्ही आज ते अप्रिय काम पत्करले आहे.

त्यास कारण आमच्या परिचयाच्या एका घरी घडलेली हकीकत. आरतीच्या वेळी निरांजन विझू नये म्हणून पंखा बंद ठेवला होता. आरती झाली, मंडळी प्रसादाला बसली, उकाडा फार म्हणून कोणीतरी पंखा लावला. मखराच्या छताला क्रेप कागदाच्या झिरमिळ्या लावल्या होत्या. त्यांतील एक वाऱ्याने हलून समईच्या ज्योतीपर्यंत पोहोचली आणि पाहता पाहता सारे छत पेटले. घरातील आजींनी न डगमगता न्हाणीघरात भिजत घातलेली चादर आणून मखरावर टाकली, म्हणून अनर्थ टळला. मूर्ती वाचली, परंतु ती ओढून घेण्यास धावलेल्या नातवाचा तळहात भाजला, आणि त्याचा व्रण अद्याप गेलेला नाही.

एवढ्या लहान ज्योतीने एवढा जाळ कसा झाला? अग्नीला इंधन, हवा आणि उष्णता ही तीन लागतात, हे आपण विज्ञानाच्या तासाला शिकतो. लाकडाचा ओंडका काडीने पेटत नाही, पण त्याच लाकडाचा भुसा व ढलपे चटकन पेटतात. कारण पातळ वस्तूला तापण्यास वेळ लागत नाही आणि तिला सर्व बाजूंनी हवा मिळते. कागद सुमारे २३० अंश सेल्सिअसला पेट घेतो, आणि ज्योतीची उष्णता त्याच्या कितीतरी पट असते. शिवाय तापलेली हवा वर जाते, म्हणून ज्योतीच्या बाजूला असलेल्या कागदापेक्षा तिच्या डोक्यावर टांगलेल्या कागदाला अधिक भय. आपण तर नेमके छतच झिरमिळ्यांनी सजवितो!

थर्माकोलची कथा याहून वाईट. ते शंभर अंशांच्या आसपास मऊ पडते, मग वितळून जळते आणि काळा, गुदमरविणारा धूर सोडते. १ जुलै २०२२ पासून सजावटीच्या थर्माकोलवर देशभर बंदी आली, ती प्रदूषणासाठी. त्याच्या जागी कागद, पुठ्ठा व कापड आले, हे चांगलेच झाले. पण अग्नीच्या दृष्टीने आपण निर्धास्त व्हावे असे त्यात काही नाही.

ख्रिस्ती बांधवांच्या नाताळच्या झाडाचाही इतिहास असाच आहे. युरोपात सूचीपर्णी झाड तोडून घरात आणीत आणि त्याच्या फांद्यांवर जळत्या मेणबत्त्या बसवीत. या झाडात राळ असते, आणि तोडलेले झाड दिवसेंदिवस वाळत जाते. अमेरिकेत झालेल्या चाचण्यांत वाळलेले झाड पेटताच एका मिनिटाच्या आत खोली आगीने भरली; बुंधा पाण्यात ठेवून ताजे राखलेले झाड मात्र काडी लावूनही पेटेना. १८८२ साली न्यूयॉर्क येथे एडिसनचा सहकारी एडवर्ड जॉन्सन याने आपल्या झाडावर ऐंशी विजेचे दिवे लावले, आणि पुढे मेणबत्त्या मागे पडल्या. आपल्या मखरावरील आंब्याचे टहाळे आणि केळीचे खुंटही पहिल्या दिवशी हिरवेगार असतात, दहाव्या दिवशी सरपण झालेले असतात. ते मधूनच बदलण्याचे कष्ट किती घरी घेतले जातात?

वीज आली म्हणून भय गेले असेही नव्हे. जुन्या माळेत चाळीस दिवे एकापाठोपाठ जोडलेले असत आणि २३० व्होल्ट त्यांच्यात वाटले जात. पाच दिवे गेले म्हणून ते काढून तारा पिळून जोडल्या, तर तेवढाच दाब पस्तीस दिव्यांवर पडतो आणि प्रत्येक दिवा अधिक तापतो. हे गणित सातवीचा विद्यार्थीही करील. आजच्या एलईडी माळा फारशा तापत नाहीत. परंतु नुसत्या पिळलेल्या तारेचा सैल सांधा तापतो, ठिणगी टाकतो, आणि तो नेमका कापडाच्या पडद्यामागे दडविलेला असतो.

आपल्या गावाला हा विषय परका नाही. राजवाड्याच्या सात मजल्यांपैकी खालचे तीन दगडी आणि वरचे चार लाकडी. १८०१, १८३४ आणि १९८४ अशी तीनदा त्या वास्तूने आग पाहिली. जुन्या पेठांतील ज्या घरांना अद्याप लाकडी जिने आणि तक्तपोशी आहे, तेथे मखराची आग मखरापुरती राहील असे कोणी समजू नये.

म्हणून समई मखराच्या आत न ठेवता पुढे, हातभर अंतरावर, पितळी ताटात ठेवावी. तिच्यावर काहीही लोंबू देऊ नये. कापूर संपेपर्यंत आरतीचे तबक हातातून खाली ठेवू नये. निजण्यापूर्वी माळेचे बटण बंद करावे. नंदादीप अखंड ठेवावयाचाच असेल तर काचेच्या हंडीत ठेवावा. जवळ रेतीची बादली असावी. सांडलेल्या तेलाने पेट घेतला तर पाणी मुळीच ओतू नये, तेल उडून आग पसरते. रेती टाकावी किंवा झाकण घालावे. तारेने पेट घेतला तर आधी मुख्य बटण बंद करावे. आग आवाक्याबाहेर गेली तर मूर्तीसाठीही थांबू नये. सर्वांनी बाहेर पडून १०१ क्रमांकावर अग्निशमन दलाला कळवावे.

विसर्जनानंतर बहुतेक घरी मखराचा सांगाडा आणि कागद जिन्याखाली, विजेच्या मीटरपाशी, पुढच्या वर्षासाठी कोंबून ठेवतात. तो दुसऱ्याच दिवशी तेथून हलवावा.