घटक ४ : कृष्णविनोदी थरारकथा – स्त्री, सूड आणि समाजमाध्यमे

४.१ उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर आपणास –
• कृष्णविनोदी थरारकथेची प्रमुख वैशिष्ट्ये स्पष्ट करता येतील.
• पारंपरिक रहस्यकथा आणि स्त्रीकेंद्री सूडकथा यांतील फरक सांगता येईल.
• अशा कथांच्या रचनेत समाजमाध्यमे कोणते कार्य करतात, हे सोदाहरण विशद करता येईल.
• विनोदामुळे वाचकावर येणाऱ्या नैतिक जबाबदारीविषयी स्वतःचे मत मांडता येईल.

४.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, रहस्यकथा हा प्रकार आपल्या परिचयाचा आहे. बाबूराव अर्नाळकर यांच्या रहस्यकथांनी मराठी वाचकांच्या काही पिढ्यांना वाचनाची गोडी लावली. रहस्यकथेत सामान्यतः गुन्हा घडतो, गुन्हेगार अज्ञात असतो, चतुर नायक त्याचा छडा लावतो आणि विस्कटलेली घडी पुन्हा बसते. ‘गुन्हा कोणी केला?’ या प्रश्नावर वाचकाचे कुतूहल टिकून राहते.

प्रस्तुत घटकात अभ्यासावयाच्या कलाकृतींत हा प्रश्न गौण ठरतो. गुन्हा कोणाचा हे आपल्याला लवकरच कळते. कुतूहल उरते ते दुसऱ्याच गोष्टीचे : घडलेल्या प्रकाराकडे लोक कसे पाहतील, आणि कोणाचे म्हणणे खरे मानतील? ‘लोक काय म्हणतील?’ हा प्रश्न मराठी माणसाला नवा नाही. पूर्वी तो चावडीवर, पाणवठ्यावर विचारला जाई. आज तो हातातल्या फोनवर विचारला जातो. या बदलातून कथेचा एक नवा प्रकार आकाराला आला. त्याचा परिचय आपण मुख्यतः दोन कलाकृतींच्या आधारे करून घेऊ : ओयिंकान ब्रेथवेट या नायजेरियन लेखिकेची ‘माय सिस्टर, द सीरियल किलर’ (२०१८) ही कादंबरी आणि एमराल्ड फेनेल लिखित-दिग्दर्शित ‘प्रॉमिसिंग यंग वुमन’ (२०२०) हा चित्रपट. अभ्यासाच्या सोयीसाठी दोन्हींचे कथानक शेवटासह दिले आहे.

४.३ विषय-विवेचन

४.३.१ कृष्णविनोद म्हणजे काय?

मृत्यू, हिंसा, यातना अशा विषयांवर एरवी हसणे अनुचित मानले जाते. तेच विषय हास्याच्या कक्षेत आणणाऱ्या विनोदाला कृष्णविनोद म्हणतात. जोनाथन स्विफ्टचा ‘अ मॉडेस्ट प्रपोजल’ (१७२९) हा निबंध त्याचे जुने व प्रसिद्ध उदाहरण आहे. आयर्लंडमधील दारिद्र्यावर उपाय म्हणून गरिबांची मुले श्रीमंतांनी खावीत, असा प्रस्ताव त्यात अत्यंत गंभीर चेहऱ्याने मांडला आहे. स्विफ्ट मुलांना हसत नाही. माणसांना आकडे समजणाऱ्या धोरणकर्त्यांच्या भाषेला तो हसतो.

संस्कृत साहित्यशास्त्राच्या उत्तरकालीन परंपरेत हास्य आणि भयानक हे परस्परविरोधी रस मानले आहेत. कृष्णविनोदी थरारकथा हे दोन रस एकाच प्रसंगात आणते. वाचक हसतो आणि त्याच क्षणी आपण कशाला हसलो, या जाणिवेने दचकतो. हे दचकणे हाच या प्रकाराचा खरा परिणाम होय.

४.३.२ ‘माय सिस्टर, द सीरियल किलर’ : घरकामाची भाषा आणि खुनाचा विषय

ही ब्रेथवेट यांची पहिली कादंबरी. २०१९ मध्ये ती बुकर पारितोषिकाच्या दीर्घ यादीत आणि ‘विमेन्स प्राइझ’च्या अंतिम यादीत होती. कथा नायजेरियातील लागोस शहरात घडते. निवेदिका कोरेडे रुग्णालयात परिचारिका आहे. तिची धाकटी बहीण आयोला अतिशय सुंदर आहे. कादंबरीच्या आरंभीच आयोलाचा फोन येतो : तिने आपल्या प्रियकराला, फेमीला, ठार केले आहे. हा तिसरा. कोरेडे साफसफाईचे सामान घेऊन निघते.

कादंबरीतील विनोद कोठून येतो, ते पाहा. कोरेडे रक्ताचे डाग कसे काढावेत, ब्लीचचा उपयोग काय, हे एखाद्या दक्ष गृहिणीच्या काटेकोरपणाने सांगते. विषय खुनाचा आणि भाषा घरकामाची, ही विसंगती आपल्याला हसवते. परंतु या विसंगतीत एक सामाजिक सत्यही दडलेले आहे. दुसऱ्यांनी केलेली घाण निमूटपणे निस्तरणे, हे ‘शहाण्या’ थोरल्या मुलीच्या वाट्याला येणारे काम आहे. कोरेडे आयुष्यभर तेच करीत आली आहे. फक्त येथे घाण रक्ताची आहे.

समाजमाध्यमांचा प्रवेश यानंतर होतो. फेमी बेपत्ता झाल्याची चर्चा हॅशटॅगसह पसरते. कोरेडेची चिंता अशी की आयोलाने शोकाकुल दिसले पाहिजे. आयोलाची तक्रार अशी की आणखी किती दिवस आपण स्वतःची छायाचित्रे टाकायची नाहीत! शोक मनात आहे की नाही, हा प्रश्न दोघींनाही पडत नाही. तो पडद्यावर किती दिवस दिसावा, एवढाच वाद आहे. पुढे लोकांचे लक्ष फेमीवरून उडते आणि नायजेरियाचा जोलोफ भात चांगला की केनियाचा, या वादाकडे वळते. एका माणसाच्या नाहीसे होण्याची जागा एक भाताचा पदार्थ घेतो. येथे लेखिका आयोलाला हसत नाही. ती लोकांच्या क्षणभंगुर कळवळ्याला हसते.

याच्या उलट बाजूला मुहतार हे पात्र आहे. तो बेशुद्धावस्थेतील रुग्ण असून कोरेडे फक्त त्याच्यापाशी सारे खरे सांगते. एकीकडे अखंड बोलणारी गर्दी आणि दुसरीकडे ऐकतो की नाही हेही न कळणारा एक श्रोता, अशी ही योजना आहे. मुहतार शुद्धीवर येतो आणि त्याला सारे आठवत असते, तेव्हा कथेतील ताण कमालीचा वाढतो.

सूडाचा धागा या कादंबरीत सरळ सांगितलेला नाही. बहिणींचे वडील क्रूर होते. आयोला वापरते तो सुरा वडिलांचाच. आपण स्वसंरक्षणार्थ मारले, असे ती म्हणते, पण त्याबद्दल वाचकाला खात्री देता येत नाही. पित्याने केलेल्या हिंसेचा सूड इतर पुरुषांवर उगवला जात आहे काय? लेखिका उत्तर देत नाही. कोरेडे ज्याच्यावर प्रेम करते तो डॉक्टर ताडे आयोलाच्या रूपावर भाळतो. कोरेडे त्याला सावध करते, तेव्हा तिच्या शब्दांत त्याला मत्सर दिसतो. सौंदर्य म्हणजे निष्पापपणा असे मानणारी नजर खुन्याला वाचवते. शेवटी कोरेडे बहिणीच्याच बाजूने उभी राहते.

४.३.३ ‘प्रॉमिसिंग यंग वुमन’ : पुरावा कोणाच्या हातात?

या चित्रपटास मूळ पटकथेचे ऑस्कर पारितोषिक २०२१ मध्ये मिळाले. अमेरिकेत घडणाऱ्या या कथेची नायिका कॅसी वैद्यकीय शिक्षण अर्धवट सोडून कॉफीच्या दुकानात काम करते. तिची मैत्रीण नीना हिच्यावर वर्गमित्राने बलात्कार केला, पण महाविद्यालयाने दखल घेतली नाही. नीना आता हयात नाही. कॅसी रात्री मद्यालयात जाऊन धुंद झाल्याचे सोंग करते. ‘मदतीला’ आलेला सभ्य गृहस्थ गैरफायदा घेऊ लागला की ती शुद्धीवर असल्याचे दाखवते. त्या क्षणी त्याची जी त्रेधा उडते, तिला प्रेक्षक हसतो. या भूमिकांसाठी सज्जन, विनोदी प्रतिमेचे अभिनेते मुद्दाम निवडले आहेत. परिणामी प्रेक्षकाच्याच ‘हा तर चांगला मुलगा’ या गृहीतकाला धक्का बसतो.

नीनावरील अत्याचाराचे चित्रीकरण झाले होते व ते मित्रमंडळींत फिरले होते. पाहणाऱ्यांना ती गंमत वाटली. वर्षांनंतर तीच चित्रफीत एका जुन्या फोनमध्ये सापडते आणि पुरावा ठरते. चित्र तेच, पाहणारा बदलला की त्याचा अर्थ बदलतो, हे या कथेचे मर्म आहे. अखेरीस कॅसीचा खून होतो. मात्र तिने पुरावा आधीच वकिलाकडे पोहोचवलेला असतो. अपराध्याच्या लग्नसमारंभात पोलीस येतात आणि तिने आधीच वेळ ठरवून ठेवलेले संदेश एका पाहुण्याच्या फोनवर येऊ लागतात. शेवटच्या संदेशातील डोळा मिचकावणारे चिन्ह हा या चित्रपटाचा कदाचित सर्वांत कडवट विनोद आहे. स्त्री जिवंत असताना तिचे कोणी ऐकले नाही. ती गेल्यावर तिचे संदेश मात्र वाचावेच लागले. हा विजय मानावा काय, याविषयी मतभेद संभवतात. आपणही यावर विचार करावा.

४.३.४ तुलना आणि निष्कर्ष

दोन्ही कलाकृतींत तीन गोष्टी समान आढळतात. एक, समाजमाध्यमे किंवा फोन ही केवळ आधुनिक सजावट नाही. कथेतील न्यायालयाची जागा त्यांनी घेतली आहे. दोन, स्त्रीचे दुःख खरे आहे की नाही, याचा निवाडा ते कसे ‘दिसते’ यावरून होतो. तीन, विनोदाचे लक्ष्य पीडित व्यक्ती नसून तिच्याकडे पाहणारी नजर आहे. मॅट स्पायसर दिग्दर्शित ‘इन्ग्रिड गोज वेस्ट’ (२०१७) या चित्रपटातही लग्नाचे निमंत्रण न मिळाल्याच्या सूडाने कथा सुरू होते आणि नायिकेने आत्महत्येच्या प्रयत्नापूर्वी केलेली चित्रफीत लोकप्रिय होऊन संपते.

यावरून एक कसोटी हाती लागते. कृष्णविनोदी कथा वाचताना आपण कोणाला हसत आहोत, हे तपासावे. हास्याचा रोख दुबळ्यावर असेल, तर ती केवळ क्रूर चेष्टा होय. तो आपल्या स्वतःच्या पाहण्याच्या सवयीवर असेल, तर ते साहित्य होय. भ्रमणध्वनीवर आलेली कोणाची तरी चित्रफीत पुढे पाठवताना आपणही या कथांतील गर्दीचा भाग होत असतो. म्हणूनच या कसोटीचे महत्त्व पुस्तकापुरते मर्यादित नाही.

४.४ सारांश

कृष्णविनोदी थरारकथेत हास्य व भय यांचा हेतुपूर्वक संयोग असतो. ‘गुन्हा कोणी केला?’ याऐवजी ‘विश्वास कोणावर ठेवला जातो?’ हा प्रश्न तेथे केंद्रस्थानी येतो. ब्रेथवेट यांच्या कादंबरीत प्रतिमा गुन्ह्याला झाकते; फेनेल यांच्या चित्रपटात चित्रफीत गुन्हा उघडा करते. दोन्हींतील विनोद पाहणाऱ्या समाजाला उद्देशून आहे.

४.५ पारिभाषिक शब्द

कृष्णविनोद : मृत्यू, हिंसा इत्यादी विषयांतून साधलेला विनोद.
विसंगती : विषय व भाषा, किंवा अपेक्षा व वास्तव यांतील विरोध.
निवेदक : कथा सांगणारी व्यक्ती, ती कथेतील पात्रही असू शकते.

४.६ स्वयं-अध्ययन प्रश्न

अ) एका वाक्यात उत्तरे लिहा.
१. ‘माय सिस्टर, द सीरियल किलर’ची निवेदिका कोण आहे?
२. कोरेडे आपले गुपित कोणापाशी सांगते?
३. ‘प्रॉमिसिंग यंग वुमन’मध्ये पुरावा कोणत्या स्वरूपात सापडतो?

ब) सविस्तर उत्तरे लिहा.
१. ‘कोरेडेच्या निवेदनातील विनोद घरकामाच्या भाषेतून निर्माण होतो.’ चर्चा करा.
२. कॅसीचा सूड यशस्वी झाला असे आपणास वाटते काय? सकारण लिहा.

४.७ उपक्रम

आपल्या परिसरातील एखाद्या घटनेवर समाजमाध्यमांत उमटणाऱ्या प्रतिक्रियांचे आठ दिवस निरीक्षण करा. लोकांचे लक्ष केव्हा व कशाकडे वळले, याची कोणाचेही नाव न लिहिता एक पानभर नोंद करा.

स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे (अ) : १. कोरेडे ही परिचारिका निवेदिका आहे. २. ती मुहतार या बेशुद्धावस्थेतील रुग्णापाशी गुपित सांगते. ३. पुरावा जुन्या फोनमधील चित्रफितीच्या स्वरूपात सापडतो.