बेड्यावर कॅमेरा नेण्याआधी

रोहणा, ता. आर्वी, जि. वर्धा

चि. मुक्तास,


आपल्या भागातल्या पारधी बेड्यांवर, म्हणजे पारध्यांच्या वस्त्यांवर, माहितीपट करायचं तू ठरवलंस. विषयाला माझी ना नाही. ‘आहे तसं दाखवायचं’ या हट्टाला आहे. पारध्यांसारख्या जमातींना ‘आहे तसं’ नोंदवायचं काम सरकारने आधीच करून ठेवलंय. 1871 चा गुन्हेगार जमाती कायदा 1952 मध्ये रद्द झाला, पण त्याच्या जागी सराईत गुन्हेगारांचे कायदे आले आणि संशय तसाच राहिला. त्यात आपला जिल्हा दारूबंदीचा. बेड्यांवरच्या हातभट्ट्यांविरुद्ध पोलिसांच्या ‘वॉश आउट’ मोहिमेत सांडलेल्या, दारूसाठी आंबवलेल्या मोहा सडव्याचे फोटो पेपरात येतच असतात. तुझ्या माहितीपटात भट्टीशेजारी एखादी बाई दिसली, तर महोत्सवात ते वास्तव ठरेल आणि पोलीस ठाण्यात पुरावा. संमतीपत्रावर सही घेतली होती म्हणून तू सुटशील. ती सुटणार नाही.

चेहरे धूसर करते, म्हणशील. ते तर त्याहून वाईट, कारण धूसर चेहरा दिसला की प्रेक्षक त्याला आरोपीच समजतो. चेहरे ठसठशीत दाखव, पण जातीच्या दाखल्यासाठी कचेरीत खेटे घालताना, नावावर नसलेल्या जागेबद्दल बोलताना. आणि दारूचं सांगायचंच असेल, तर ती पिणारं गाव दाखव. आपणही त्यातच आलो!

बेड्यावरच्या लोकांना आधी दाखवलं तर माहितीपटाचा प्रचारपट होईल, ही तुझी शंका मात्र रास्त आहे. माहितीपटकार आनंद पटवर्धनांचं काम त्यासाठी बघ. ‘हमारा शहर’मध्ये (1985) झोपडपट्टीतली एक बाई त्यांनाच सुनावते, की गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावता. तो जाब त्यांनी कापला नाही. 1997 मध्ये मुंबईतल्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. तिथून सुरू झालेला ‘जय भीम कॉम्रेड’ चौदा वर्षांनी पूर्ण झाला आणि वस्त्यावस्त्यांत दाखवला गेला. पण त्यामुळे त्यातली दलित नेत्यांवरची टीका बोथट झाली नाही. चौदा वर्षं तुला कुणी देणार नाही, हे कळतं मला.

तेव्हा पहिलं कच्चं संकलन बेड्यावरच पडदा लावून दाखव. ‘माझं काढा’ असं कुणी म्हटलं, तर वाद न घालता काढ. तुझे निष्कर्ष बदला म्हटलं, तर ऐकून घे आणि ठरव तूच. भट्टीचं चित्रीकरण मात्र करूच नकोस. न वापरलेलं फुटेजही हार्डडिस्कवर राहतं, आणि हार्डडिस्क जप्त होऊ शकते.

तुझा,
काका